पकड आधी, नेम नंतर: एका पोलिसपटासाठी केलेल्या कामाच्या नोंदी

काम: मराठी पोलिसपटातल्या नटांना पिस्तूल हाताळायला शिकवणं आणि पटकथेतले गोळीबाराचे प्रसंग तपासणं. जागा: कोल्हापूर. मी स्वतः .22 आणि एअर पिस्तूलची नेमबाज, आता प्रशिक्षक.

28 ऑक्टोबर 2025

पटकथेचा दुसरा खर्डा काल रात्री वाचून संपवला. गोष्ट चांगली आहे, माणसं खरी वाटतात, म्हणूनच गोळीबाराचे प्रसंग जास्त खटकतात. नायिका पीएसआय आहे, तिच्या कमरेला सर्व्हिस पिस्तूल आहे. तिच्या निवृत्त वडिलांकडे परवान्याचं .32 रिव्हॉल्व्हर आहे. ज्याच्या मागावर ती आहे त्या पोराकडे गावठी कट्टा. हत्यारं तीन, पण लेखकाने तिघांनाही एकच हात दिलाय. तिघंही तसंच धरतात, तसंच झटकतात आणि बोलायच्या आधी तिघांचाही अंगठा घोड्यावर, म्हणजे मागून काडतुसावर आदळणाऱ्या हातोडीवर, जातो.

हत्यार कसं धरायचं हे त्याच्या आतली यंत्रणा ठरवते. स्लाइड, म्हणजे पिस्तुलाचा वरचा मागेपुढे होणारा भाग, कुठे सरकते, घोडा कुठे आदळतो, गरम वायू कुठून बाहेर येतो, हे ज्याला माहीत आहे त्याचा हात आपोआप योग्य जागी जातो. मग तो नट वाटत नाही, हत्यार सांभाळणारा माणूस वाटतो.

सर्व्हिस पिस्तूल कोणतं, हे कागदावर नव्हतं. कलादिग्दर्शक ग्लॉकची डमी मागवणार होते, कारण ती सहज मिळते. मी 9 एमएम 1ए चा आग्रह धरला. पश्चिम बंगालमधल्या इशापूरच्या रायफल फॅक्टरीत बनलेलं हे पिस्तूल आपल्या पोलिसांकडे वर्षानुवर्षं आहे. मूळ आराखडा ब्राउनिंग हाय-पॉवरचा, 1935 चा, बेल्जियममधला; दुसऱ्या महायुद्धात कॅनडाच्या इंग्लिस कंपनीने ते बनवलं आणि तिथून ते आपल्याकडे आलं. मॅगझीनमध्ये, म्हणजे दस्त्यात बसणाऱ्या पेटीत, 13 राउंड (काडतुसं). तालुक्याच्या ठाण्यातल्या फौजदाराच्या कमरेला हे शोभतं. शिवाय त्याला बाहेर दिसणारा घोडा आहे, आणि पटकथेतल्या निम्म्या चुका त्या घोड्याभोवती आहेत.

1 नोव्हेंबर

निर्मात्यांबरोबर बैठक. पहिली अट लेखी मागून घेतली: सेटवर जिवंत काडतूस येणार नाही आणि ब्लँकही येणार नाही. नळीच्या तोंडाची आग आणि धूर नंतर संगणकावर भरायचा. हातात रबरी किंवा धातूची डमी, जिच्यात काडतूस बसूच शकत नाही.

‘ब्लँकने काय होतंय मॅडम, गोळीच नसते की,’ असं एकजण म्हणाले. प्रश्न मनापासून होता, म्हणून उत्तरही सविस्तर दिलं. ब्लँकमध्ये गोळी नसते, पण दारू असते आणि तिचा वायू प्रचंड दाबाने बाहेर येतो. 1984 मध्ये जॉन-एरिक हेक्सम या अमेरिकन नटाने सेटवर ब्लँक भरलेलं रिव्हॉल्व्हर स्वतःच्या कानशिलाला लावून चाप ओढला. त्या नुसत्या दाबाने कवटीचं हाड फुटलं आणि काही दिवसांनी तो गेला. 1993 मध्ये ब्रँडन लीच्या बाबतीत आधीच्या शॉटमधल्या डमी काडतुसाचं टोक नळीत अडकून राहिलं होतं. पुढच्या शॉटला मागून ब्लँक उडवलं आणि ते टोक गोळी होऊन बाहेर आलं. 21 ऑक्टोबर 2021 ला न्यू मेक्सिकोत छायाचित्रकार हॅलिना हचिन्स तालमीच्या वेळी गेल्या. त्या रिव्हॉल्व्हरमध्ये चक्क जिवंत काडतूस होतं.

तिन्ही वेळा आसपासच्या लोकांना ते हत्यार निर्धोक वाटत होतं. म्हणून आमच्याकडे डमीसुद्धा खऱ्या हत्यारासारखीच हाताळायची: तोंड कुणाकडे करायचं नाही, नेम धरेपर्यंत बोट चापाबाहेर. कॅमेऱ्यासमोर तोंड कुणाकडे करावंच लागलं तर किंचित बाजूला नेम धरायचा, बाकीचं लेन्स सांभाळते. सगळे मान्य झाले. कागदावर सह्या झाल्या.

5 नोव्हेंबर

नायिकेबरोबर पहिली बैठक. डमी टेबलावर ठेवली आणि काहीही न सांगता ‘उचला’ म्हटलं. तिने उजव्या हाताने उचलली, डावा तळहात खालून मॅगझीनच्या बुडाला लावला, तर्जनी थेट चापावर, कोपरं वाकलेली, पिस्तूल गालाजवळ आणि तोंड छताकडे. हे तिला कुणी शिकवलेलं नव्हतं. पाहून पाहून अंगात मुरलेलं होतं.

तळहात खाली ठेवायच्या या पकडीला आम्ही कपबशी म्हणतो. डावा हात बशीसारखा नुसता वजन झेलतो. पिस्तुलाचं वजन ही अडचणच नसते, भरलेलं 9 एमएम जेमतेम किलोभर. अडचण असते धक्क्याची. धक्का मागे आणि वर येतो, तेव्हा खाली धरलेली बशी काय करणार? उजवा हात तिच्यातून वर उचलला जातो आणि प्रत्येक राउंडनंतर पकड नव्याने जमवावी लागते.

पकड मुळापासून बांधली. उजव्या हाताची बेचकी, म्हणजे अंगठा आणि तर्जनीमधली जागा, दस्त्याच्या पाठीवर जाईल तितकी वर. नळी हाताच्या वर असते आणि धक्का नळीच्या रेषेत मागे येतो. हात आणि ती रेषा यांच्यात जितकं अंतर, तितकं तोंड जास्त उसळतं. हात वर सरकवला की ते अंतर कमी होतं. नळी, मनगट आणि कोपरापर्यंतचा हात एका सरळ रेषेत. मधलं बोट ट्रिगर गार्डला, म्हणजे चापाभोवतीच्या कडीला, खालून घट्ट टेकलेलं, अनामिका आणि करंगळी त्याला लागून.

उजव्या हाताने धरल्यावर दस्त्याच्या डाव्या बाजूला एक पट्टा उघडा राहतो. डाव्या तळहाताचा अंगठ्याखालचा मांसल भाग तिथे बसवायचा. मग डावी बोटं उजव्या बोटांवरून गुंडाळायची आणि दोन्ही अंगठे डाव्या अंगाला, पुढे, निशाण्याच्या दिशेने ठेवायचे. डाव्या हाताची पकड जास्त घट्ट. उजवा हात थोडा मोकळा राहिला तरच तर्जनी स्वतंत्रपणे चाप ओढते. नवशिक्याची सगळी बोटं एकदम आवळली जातात आणि गोळी खाली-डावीकडे जाते. नेम चुकला असं सगळ्यांना वाटतं. बहुतेक वेळा हात चुकलेला असतो.

अंगठा मागून आडवा, डावा उजव्यावर, असा टाकायची तिची सवय लगेच मोडायला लावली. तिथून स्लाइड झपकन मागे येते आणि कातडी फाडते. डमीची स्लाइड हाताने मागे ओढून तिच्या अंगठ्याला हलकेच टेकवून दाखवली. परत अंगठा तिथे गेला नाही.

हात लहान असल्याची काळजी तिला होती. हाय-पॉवरच्या मॅगझीनमध्ये राउंड दोन रांगांत असतात, तरी दस्ता सडपातळ आहे. तर्जनीचं पहिलं पेर चापावर व्यवस्थित पोचतं. तेवढं पुरे.

8 नोव्हेंबर

नागरिकांसाठी 9 एमएम हा प्रतिबंधित बोअर (नळीचा व्यास) आहे, ते मी चालवत नाही. म्हणून पोलीस प्रशिक्षणातून निवृत्त झालेल्या एका फौजदार काकांना बोलावलं. पांढऱ्या मिशा, आवाज अजून परेड ग्राउंडवरचा. नायिकेने पकड दाखवली. काकांनी चष्मा वर केला, तिचा हात हातात घेऊन पाहिला आणि म्हणाले, ‘लेकी, बेचकी वर घेतलीस हे बरोबर. पण या पिस्तुलात अति वर घेतलीस तर हे बघ.’ आपला उजवा हात त्यांनी खिडकीच्या उजेडात धरला. बेचकीच्या कडेला नखाएवढा पांढरा वण, मध्ये किंचित खोलगट.

हाय-पॉवरचा हा जुना दोष. गोळी सुटल्यावर स्लाइड मागे येते, घोड्याला खाली दाबते आणि घोड्याची शेपटी बेचकीतल्या कातडीला चिमटा काढते. लांबलचक सराव असला की रक्तच निघतं. म्हणजे ‘जाईल तितकं वर’ या माझ्या नियमाला इथे मर्यादा आहे: घोड्याच्या वाटेत कातडीची वळी यायला नको. मांसल हाताच्या माणसाला किंचित खाली धरावं लागतं. नायिकेचा हात बारीक, तिला त्रास नाही. तिच्या हवालदाराची भूमिका करणाऱ्या नटाचा पंजा भरदार आहे, त्याला काकांनी केसभर खाली आणलं. हा फरक पडद्यावर कुणाला दिसणार नाही, पण त्या दोघांना तो हातात जाणवेल.

धक्का कसा शिकवायचा हा मोठा प्रश्न होता. डमीला धक्का नाही, आणि नट मग तो स्वतः बनवतात: कोपरापासून हात वर फेकायचा, खांदे मागे, डोळे मिटून. काकांची युक्ती छान आहे. नायिका पकड घेऊन उभी राहिली आणि काकांनी बाजूला उभं राहून, तिला न सांगता, नळीच्या पुढच्या टोकाला खालून तळहाताने फटका मारला. पहिल्यांदा डमी कपाळाकडे गेली. पकड घट्ट झाल्यावर तोंड दोनेक बोटं वर गेलं आणि आपसूक जागेवर आलं. हे आपसूक परत येणं म्हणजेच चांगली पकड. शॉटमध्ये एवढंच हवंय, छोटी उसळी आणि परत माशी, म्हणजे नळीच्या टोकावरचा नेम धरायचा उंचवटा, निशाण्यावर.

मनगट ढिलं असेल तर निदान अशा पिस्तुलात नुसता नेमच जात नाही. स्लाइडला मागे जायला स्थिर आधार लागतो. सगळं पिस्तूलच तिच्याबरोबर मागे गेलं तर ती पूर्ण मागे पोचत नाही आणि रिकामी पुंगळी बाहेर पडता पडता अडकते. मध्यंतराआधी पिस्तूल अडकण्याचा प्रसंग आहे, आणि पटकथेत त्याचं कारण ‘खराब हत्यार’ असं दिलंय. दिग्दर्शकांना सुचवलं: तिच्या खांद्याला मार बसलाय, ती एका हाताने, वाकलेल्या मनगटाने गोळी झाडते, म्हणून पुंगळी अडकते. त्यांनी तिथेच लिहून घेतलं.

12 नोव्हेंबर

आज घोडा आणि स्लाइड. नायिका गोदामाबाहेर स्लाइड ओढते, आत शिरल्यावर ओढते आणि ‘हात वर’ म्हणताना पुन्हा ओढते. पहिल्या ओढीला राउंड चेंबरमध्ये, म्हणजे नळीच्या मागच्या टोकाच्या पोकळीत, जातो. त्यानंतरच्या प्रत्येक ओढीला एक जिवंत राउंड बाहेर उडून जमिनीवर पडतो. काका म्हणाले, ‘आमच्यात गोळीबारानंतर पुंगळ्या वेचून जमा कराव्या लागतात, राउंडचा हिशेब द्यावा लागतो. ही बाई रजिस्टरात काय लिहिणार?’ एक ओढ ठेवली, बाहेरची. चेंबर रिकामं ठेवून पिस्तूल बाळगायची सवय काकांच्या नोकरीभर होती, त्यामुळे ती एक ओढ खरीही आहे आणि प्रसंगाला धारही आणते.

घोड्याचं जरा नाजूक आहे. अंगठ्याने घोडा चढवायचा ‘खट्ट’ आवाज पडद्यावर इतका चालतो की ज्या ग्लॉकला बाहेर घोडाच नाही त्यालाही तो लावलेला असतो. पण 9 एमएम 1ए सिंगल ॲक्शन आहे. चाप फक्त घोडा सोडतो, चढवत नाही. राउंड चेंबरमध्ये आणि घोडा उतरवलेला असेल तर चढवावाच लागतो. स्लाइड ओढली असेल तर तो आधीच चढलेला असतो. म्हणून एकाच हालचालीला एका प्रसंगात अर्थ आहे आणि दुसऱ्यात नाही. आम्ही सगळे प्रसंग ओळीने लावून प्रत्येक क्षणी घोडा वर की खाली, चेंबर भरलेलं की रिकामं, असा तक्ता केला. कंटिन्युइटी पाहणाऱ्या मुलीने तो आपल्या वहीत चिकटवला.

शेवटी रिकाम्या पिस्तुलाचं ‘टिक टिक टिक’ होतं. मॅगझीनमधला शेवटचा राउंड उडाला की या पिस्तुलाची स्लाइड मागेच अडकून उघडी राहते. धरणाऱ्याला दिसतं, समोरच्यालाही दिसतं. टिकटिकीपेक्षा हे कितीतरी भेदक आहे: पोराला उघडी स्लाइड दिसते आणि तो धावत सुटतो.

16 नोव्हेंबर

नायिका आणि हवालदार, दोघांना रेंजवर नेलं, एअर पिस्तूल हातात दिलं. इथे सगळं उलटं. 10 मीटर एअर पिस्तूल एका हातानेच चालवायचं असा नियम आहे. दुसरा हात खिशात किंवा पट्ट्यात अडकवतात, कारण लोंबता हात शरीराला डोलवतो. 2024 च्या पॅरिस ऑलिंपिकमध्ये याच प्रकारच्या मिश्र दुहेरीत रौप्य मिळवणाऱ्या तुर्कस्तानच्या युसुफ डिकेचचा खिशात हात घातलेला फोटो जगभर फिरला आणि लोकांना वाटलं हा माणूस काय बेफिकीर उभा आहे. त्याच स्पर्धेत आपल्या मनू भाकर आणि सरबज्योत सिंगने कांस्य मिळवलं. त्या रांगेत उभा असलेला कुणीच बेफिकीर नव्हता. दहाच्या वर्तुळाचा व्यास 11.5 मिलिमीटर असतो, तिथे खिशातला हातसुद्धा कामाला लावलेला असतो.

‘मग चित्रपटात एका हाताने धरतात ते बरोबरच की,’ हवालदार म्हणाला. एअर पिस्तुलाला धक्का नगण्य, वेळ भरपूर आणि निशाणा कागदाचा. आणि दस्ता अक्रोडाच्या लाकडाचा, त्या एका माणसाच्या हाताला घासून बसवलेला. माझा दस्ता त्याला पाहायला दिला. करंगळीच्या जागी मी लाकूडपुट्टी भरून कानशीने उतरवलेला खळगा आहे. त्याची करंगळी तिथे मावेना. इथे पकड म्हणजे रोज तोच हात, त्याच जागी, त्याच दाबाने. कोल्हापूरच्या राही सरनोबतने 2018 च्या आशियाई स्पर्धेत 25 मीटर पिस्तूलचं सुवर्ण घेतलं, तेही एका हाताने, .22 वर. माझ्या क्लबातल्या मुली अजून ते नाव घेऊन येतात.

मुळात दोन हातांनी नेम धरणं ही फार जुनी गोष्ट नाही. 1950 च्या दशकाच्या शेवटी कॅलिफोर्नियात जेफ कूपरने भरवलेल्या स्पर्धांत बहुतेक जण कमरेवरून किंवा एका हाताने झाडत. लॉस एंजेलिस काउंटीचा पोलीस जॅक वीव्हर रिव्हॉल्व्हर डोळ्यांसमोर आणून दोन्ही हातांनी धरायचा आणि जिंकायचा. उजव्या हाताने पुढे रेटायचं, डाव्याने मागे ओढायचं, ही त्याची रीत. 1980 च्या दशकात रॉब लेथम आणि ब्रायन एनॉस यांनी दोन्ही हात सारखे ताणून समोर धरायची पद्धत रूढ केली. नायिकेला मी हीच दिली. घाबरलेला माणूस आपोआप समोरासमोर वळतो आणि हात ताणतो. अभिनयही तिकडेच झुकतो.

21 नोव्हेंबर

वडिलांचं रिव्हॉल्व्हर. ज्येष्ठ नट आहेत, त्यांना सगळे अण्णा म्हणतात. नायिकेचं पाहून त्यांनीही दोन्ही अंगठे पुढे ताणले. हीच ती धोक्याची जागा. रिव्हॉल्व्हरमध्ये सिलिंडर, म्हणजे काडतुसं बसवलेला फिरता भाग, आणि नळी यांच्यात बारीक फट असते आणि गोळी सुटताना तिथून तापलेला वायू आणि शिशाचे कण बाजूला उडतात. तिथे अंगठा असेल तर भाजतो, मोठ्या बोअरमध्ये त्याहून वाईट. रिव्हॉल्व्हरला अंगठे मागे, एकावर एक दुमडलेले. पिस्तुलात जो अंगठा मागे चुकीचा, तो इथे बरोबर.

या फटीमुळेच रिव्हॉल्व्हरला सायलेन्सर लावून काही उपयोग होत नाही. आवाज बाजूने निघून जातो. ठळक अपवाद एकच, 1895 चं रशियन नागां रिव्हॉल्व्हर, ज्यात सिलिंडर पुढे सरकून फट बुजवतो. आमच्या खर्ड्यात सुपारी घेणाऱ्या माणसाकडे सायलेन्सर लावलेलं रिव्हॉल्व्हर होतं. काढलं.

‘अण्णा सिलिंडर बाहेर काढतात, गरकन फिरवतात आणि मनगटाच्या झटक्याने बंद करतात,’ असंही लिहिलं होतं. आपल्या कानपूरच्या कारखान्यातलं जुन्या बनावटीचं .32 मधून मोडतं. वरची कळ दाबली की नळी खाली झुकते आणि सहाही पुंगळ्या एकदम वर उचलल्या जातात. बाजूला निघणारा सिलिंडरच नाही. अण्णांनी डमी मोडून पुंगळ्या ओंजळीत पाडून घेतल्या, एक एक खिशात टाकली. झटक्यापेक्षा निवृत्त माणसाला हे जास्त शोभलं.

25 नोव्हेंबर

कट्ट्याचा पोरगा. विशीतला नट, पुण्याच्या प्रायोगिक नाटकांतून आलेला. तो कट्टा आडवा धरतो, तळहात जमिनीकडे. मी काही बोलायच्या आत म्हणाला, ‘ताई, हे चुकीचं आहे ते माहितेय. पण या पोराला कोण शिकवणार?’

बरोबर आहे त्याचं. माशी आणि मागची खाच उभ्या धरण्यासाठी बनवलेली असतात. आडवं केलं की नेम धरायला काही उरत नाही, आणि उसळी वर जाण्याऐवजी बाजूला जाते. ही बाजूची उसळी एके काळी मुद्दाम वापरली गेली होती: 1920-30 च्या दशकांत चीनमध्ये माउझर घराण्यातली आपोआप झाडणारी पिस्तुलं आडवी धरत, म्हणजे गोळ्या वर न जाता आडव्या रेषेत फिरत. कट्ट्यात एकच काडतूस, तिथे तो हिशेबही लागू नाही. पडद्यावर आडवी पकड टिकली, कारण चौकटीत चेहरा आणि हत्यार दोन्ही बसतात.

मी परवानगी दिली, दोन अटींवर. त्याची पहिली गोळी चुकली पाहिजे, आणि कट्टा त्याला जड, अविश्वासू वाटला पाहिजे. पाइपापासून बनवलेलं ते हत्यार कधी कधी धरणाऱ्याच्याच हातात फुटतं, हे त्या पोराला ऐकून माहीत असणार. नटाने हात लांब ठेवला आणि झाडताना मान किंचित वळवली. पाहताना काटा आला.

1 डिसेंबर

दिग्दर्शकांशी वाद, चांगल्या अर्थाने. गोळी लागल्यावर पोरगा मागे उडून साखरेच्या पोत्यांवर आदळावा असं त्यांच्या डोळ्यांसमोर आहे. कागदावर मांडून दाखवलं. 9 एमएमची गोळी सुमारे 8 ग्रॅम, वेग सेकंदाला 360 मीटरच्या आसपास. 70 किलोच्या माणसात ती पूर्ण थांबली तरी त्याला मिळणारा वेग सेकंदाला 4 सेंटिमीटर. आणि झाडणारीलाही निदान तेवढाच धक्का उलट बसतो. गोळीने माणूस उडत असेल तर नायिकाही मागे उडायला हवी. माणूस कोसळतो तो पाय गळाल्यामुळे, आणि बहुतेक वेळा तिथल्या तिथे.

ते बराच वेळ कागदाकडे पाहत राहिले. मग म्हणाले, ‘तिथल्या तिथे बसला तर तिला त्याच्याजवळ चालत जावं लागेल.’ त्यांना त्यातून नवा शॉट मिळाला.

लोखंडी खांबांवर उडणाऱ्या ठिणग्याही कमी केल्या. शिसं आणि तांबं, ठिणगी पडावी असा धातू त्यात नाही. जीपच्या दाराआड लपणं काढलं. पत्र्याच्या दारातून 9 एमएम आरपार जातं, इंजिनाआड लपवलं.

6 डिसेंबर

ध्वनिसंयोजकांकडे अर्धा दिवस. हा भाग मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो, कारण आवाजाबद्दलचा गैरसमज लोकांचे कान घालवतो. 9 एमएमचा आवाज कानाजवळ 160 डेसिबलच्या घरात असतो. सायलेन्सर त्यातून साधारण 25 ते 30 कमी करतो, म्हणजे 130 च्या आसपास उरतातच. आपल्याकडे फटाक्याला मर्यादा आहे, फुटल्या जागेपासून 4 मीटरवर 125 डेसिबल. दिवाळी नुकतीच झालीय, तो अंदाज सगळ्यांना ताजा आहे. ‘फुस्स’ असं काही नसतं. हिराम पर्सी मॅक्सिमने 1909 मध्ये पेटंट घेतलं तेव्हापासून या उपकरणाचं काम आवाज कानाला सोसेल इतपत आणणं एवढंच आहे. शिवाय आवाजाचा वेग सेकंदाला सुमारे 340 मीटर. त्याहून वेगाने जाणाऱ्या गोळीचा हवेतला तडाखा सायलेन्सर लावूनही राहतोच.

गोदामात, पत्र्याच्या छताखाली, चकमक झाल्यावर नायिका आणि हवालदार लगेच कुजबुजत बोलतात. त्यांना काहीही ऐकू येणार नाही. सुरुवातीचे क्षण फक्त शिट्टीसारखा कानातला आवाज, मग ओरडून बोलणं, आणि हवालदार ‘काय?’ म्हणतो. संवादलेखकाने चार ओळींची एक ओळ केली.

14 डिसेंबर

चित्रनगरीत तालीम, पूर्ण वेशभूषेत. पकडी बसल्यात. नायिका होल्स्टरमधून पिस्तूल काढतानाच बेचकी वर नेते. नंतर वर सरकवायला वेळ मिळत नाही हे तिच्या हाताला कळलंय. बोटाचं मात्र अजून पक्कं नाही. उभी असताना तर्जनी चापाच्या वर, पिस्तुलाच्या अंगावर सरळ असते, पण जिन्यावर पाय घसरला तेव्हा ती चापावर गेली. अंग दचकलं की सगळी बोटं एकदम आवळतात, नेमक्या याच कारणाने बोट बाहेर ठेवायचं असतं. रोज जिना चढउतार, हातात डमी आणि मध्येच कुणीतरी मागून हाक मारायची, असा सराव लावून दिला. काका स्वतः हाक मारायला येणार म्हणाले.

18 जानेवारी 2026

संकलनाच्या टेबलावर पहिला जोड पाहिला. संगणकावर आग भरणाऱ्या मुलांना टिपणं दिली: दिवसाच्या प्रसंगात नळीची आग जेमतेम दिसते, इतकी मोठी नको, पुंगळी उजवीकडे उडते, डाव्या खांद्यावरून नाही, शेवटच्या राउंडनंतरच्या चौकटीत स्लाइड उघडी दाखवायची. दूरच्या एका शॉटमध्ये हवालदाराचं बोट धावताना चापावर आहे. दिग्दर्शकांना तो शॉट त्यातल्या प्रकाशासाठी हवाय. संकलकाने तो हात खांबाआड जातो तिथून सुरू केला, सुरुवातीचा दीड सेकंद गेला. सोमवारी अण्णांच्या प्रसंगाचे आवाज भरायचे आहेत. रिव्हॉल्व्हरची कळ उघडताना खरा आवाज कसा येतो ते ध्वनिमुद्रित करायला परवानाधारक शस्त्रविक्रेत्याकडे काका येतील, हत्यार रिकामं असल्याचं ते आधी तपासतील आणि मग मी.